रॉबी कीन खरंच एवढा मोठा स्ट्रायकर होता का? आणि होता तर मग एवढे क्लब का बदलले?

तुमचा प्रश्न असा की २०१७ मध्ये कोलकात्याच्या एटीके या फुटबॉल क्लबाकडून खेळायला आलेला तो आयरिश रॉबी कीन खरंच एवढा मोठा होता का, आणि मोठा होता तर कुठल्याच क्लबात का टिकला नाही. प्रश्नात थोडा टोमणा आहे पण चुकीचा नाहीये, कारण त्याची क्लबांची यादी वाचली की रेल्वेचं टाइमटेबल वाचल्यासारखं वाटतं.

आधी एक गोंधळ मिटवून टाकू. हा रॉबी, तो रॉय नव्हे. मँचेस्टर युनायटेडचा कॅप्टन, आता टीव्हीवर बसून सगळ्यांना झापतो तो रॉय कीन, कॉर्कचा. रॉबी डब्लिनच्या टॅला नावाच्या उपनगरातला, जन्म १९८०, दोघांचं काही नातंगोतं नाही. आपल्याकडे अजूनही अर्धे लोक एकाचे किस्से दुसऱ्याच्या नावावर खपवतात.

आता मुद्दा. माझं मत सरळ आहे, रॉबी कीन हा जोडीतला प्लेयर होता. एकटा पुढे उभा राहून सेंटर बॅकांशी धक्काबुक्की करणारा तो नव्हता, तेवढी उंची नाही, तेवढं अंगही नाही. त्याला शेजारी एक उंच माणूस लागायचा, जो बॉल डोक्याने किंवा छातीने थांबवेल, आणि हा मागून नाहीतर बाजूने त्या सुटलेल्या बॉलवर तुटून पडेल. असा साथीदार मिळाला की हा वेड लावायचा, नाही मिळाला की बिचारा मैदानभर फिरत राहायचा. त्याचं करिअर हा चष्मा लावून बघा, बऱ्याच गोष्टींचा उलगडा होतो.

सुरुवात इंग्लंडच्या वुल्व्ज क्लबातून. १७ वर्षांचा पोरगा, ऑगस्ट १९९७ मध्ये नॉर्विचविरुद्ध पहिली मॅच आणि त्यात दोन गोल. दोन वर्षांत कॉव्हेंट्रीने ६० लाख पौंडांना घेतला, तेव्हा ब्रिटनमध्ये टीनएजरसाठी एवढे पैसे कोणी मोजले नव्हते. तिथे एकच सीझन, आणि २००० साली थेट इंटर मिलान, १ कोटी ३० लाख पौंड. वय २०. मार्चेलो लिप्पी कोच होता, त्यानेच मागून घेतला होता. आणि इथे माशी शिंकली. इंटर चॅम्पियन्स लीगच्या क्वालिफायरमध्ये स्वीडनच्या हेलसिंगबोर्गकडून हरली, मग लीगमधली पहिलीच मॅच हरली आणि लिप्पीला नारळ मिळाला. नवीन कोच टारडेली, त्याला या पोराशी काही घेणंदेणं नाही. डिसेंबरमध्ये लोनवर, म्हणजे उसना, इंग्लंडच्या लीड्सला रवानगी. आता मला सांगा यात त्या २० वर्षांच्या पोराची काय चूक, ज्याने बोलावलं त्यालाच काढून टाकलं.

लीड्सची गोष्ट तर माहीतच असेल. चॅम्पियन्स लीगचे पैसे येणारच असं गृहीत धरून कर्ज काढत गेले, पैसे आले नाहीत, मग एकेक माणूस विकायला काढला. २००२ च्या उन्हाळ्यात रिओ फर्डिनांड गेला युनायटेडला, पाठोपाठ कीन गेला टॉटनहॅमला, ७० लाख पौंडांना, म्हणजे लीड्सने इंटरला १ कोटी २० लाख दिले होते त्याच्या जवळपास निम्म्यात. दोन वर्षांनी लीड्स खालच्या डिव्हिजनला. तर वयाच्या २२ व्या वर्षापर्यंत पाच क्लब झाले होते आणि त्यातला एकही बदल "मला इथे करमत नाही" म्हणून झालेला नाही. पण लोकांच्या डोक्यात तेव्हाच बसलं की हा बारा गावचं पाणी प्यायलेला गडी आहे. त्यात भर म्हणून हा प्रत्येक नव्या क्लबात गेल्यावर लहानपणापासून मी यांचाच फॅन होतो असं सांगतो यावर जोक सुरू झाले, ते आजपर्यंत चालू आहेत. लहानपणी तो खरंच लिव्हरपूलचा फॅन होता, तिथली गंमत पुढे येतेच.

मधे २००२ चा वर्ल्ड कप येतो, आणि तुम्ही एटीकेवालाच कीन पाहिला असेल तर हा भाग नीट वाचा. स्पर्धा सुरू व्हायच्या आधीच आयर्लंडच्या टीमचे बारा वाजले होते. सायपान बेटावर कॅम्प होता, तिथल्या सोयींवरून कॅप्टन रॉय कीन आणि मॅनेजर मिक मॅकार्थी यांचं जोरदार वाजलं आणि रॉय घरी परतला. देशात अक्षरशः दोन तट पडले. अशा अवस्थेत ५ जूनला जपानच्या इबाराकीत जर्मनीशी मॅच, आपल्याकडे संध्याकाळी लागली होती. क्लोझेने १९ व्या मिनिटाला हेडर मारून जर्मनीला पुढे नेलं आणि मग आयर्लंड पूर्ण मॅच धडका मारत राहिलं, पण समोर ऑलिव्हर कान, त्या वर्ल्ड कपचा पुढे बेस्ट प्लेयर ठरलेला गोलकीपर. ९० मिनिटं संपली. ९२ व्या मिनिटाला राइट बॅक फिननने मागून एक लांब उंच बॉल टाकला. बदली म्हणून आलेला नायल क्विन, सव्वासहा फुटाच्या वरचा माणूस, त्याने तो डोक्याने पुढे ढकलला. कीन आधीच पळायला लागला होता, क्विनच्या डोक्याला बॉल लागायच्या आधी, हे रिप्लेमध्ये बघा. दोन डिफेंडरांच्या मधून बॉल ओढला, कान अंगावर आला, कीनने न थांबता मारला, कानच्या हाताला लागून बॉल पोस्टला घासला आणि आत. जर्मनीने त्या वर्ल्ड कपमध्ये फायनलपर्यंत खाल्लेला तो एकमेव गोल. फायनलला रोनाल्डोने दोन मारले ते सोडा. त्यानंतर कीनची ती कोलांटी, एक हातावर गिरकी, एक जमिनीवर, आणि उठून बंदूक चालवल्याची अॅक्शन.

तिथून सौदीविरुद्ध एक गोल, आणि स्पेनशी प्री-क्वार्टरमध्ये ९० व्या मिनिटाला पेनल्टी. ती पेनल्टी मिळाली कशी? स्पेनच्या हिएरोने क्विनचा शर्ट ओढला म्हणून. म्हणजे परत तोच उंच साथीदार. शूटआउटमध्येही कीनने आपली पेनल्टी मारली, पण तिघांनी घालवल्या, स्पेन पुढे गेलं.

टॉटनहॅममध्ये सहा वर्षं राहिला बरं का, हे लोक सोयीस्कर विसरतात. शंभराच्या वर गोल केले. आणि २००६ ला तिथे बल्गेरियाचा बर्बाटोव्ह आला. ही जोडी ज्यांनी लाइव्ह पाहिली ते भाग्यवान. बर्बाटोव्ह आळसावल्यासारखा चालायचा, बॉल पायावर आला की जणू चिकटायचा, आणि कीन त्याच्या अवतीभवती सतत भुणभुण करत जागा शोधायचा. एकमेकांकडे न बघता पास. २००७-०८ मध्ये दोघांचे सगळ्या स्पर्धा धरून २३-२३ गोल. त्याच फेब्रुवारीत वेम्बलीवर चेल्सीला हरवून लीग कप घेतला, आणि इंग्लंडमधल्या एवढ्या वर्षांत कीनला मिळालेली मोठी ट्रॉफी म्हणाल तर तेवढीच. कप कॅप्टन लेडली किंग आणि कीनने मिळून उचलला.

मग तो उन्हाळा. जुलैमध्ये लिव्हरपूलने कीनला १ कोटी ९० लाख पौंडांना घेतलं, सप्टेंबर उजाडला तोवर बर्बाटोव्ह युनायटेडला. टॉटनहॅमची हालत काय झाली? लीगच्या पहिल्या आठ मॅचमध्ये दोन पॉइंट. कोचला हाकललं. जोडीची किंमत किती होती ते कळलं पण वरातीमागून घोडं.

आणि लिव्हरपूलमध्ये? लहानपणीचा क्लब, सात नंबरची जर्सी. आणि कोच राफा बेनिटेझ, ज्याच्या सिस्टीममध्ये पुढे एकटा टोरेस आणि त्याच्या मागे जेरार्ड. दोन्ही जागा भरलेल्या. कीनला कधी डावीकडे, कधी एकट्याला पुढे, आणि साठाव्या-सत्तराव्या मिनिटाला बोर्ड वर, बाहेर. डिसेंबरमध्ये जरा सूर सापडला, आर्सेनलविरुद्ध मस्त गोल, लगेच बोल्टनविरुद्ध दोन, आणि पुढच्याच मॅचला बेंचवर! फेब्रुवारीच्या सुरुवातीला १ कोटी २० लाखांना परत टॉटनहॅमला विकून टाकला. मला विचाराल तर हा सगळा व्यवहारच फसलेला होता, जो माणूस दोघांत खेळतो त्याला एकट्याच्या सिस्टीममध्ये आणायचाच कशाला. पण दोष एकट्या राफालाही देता येत नाही कारण तेव्हा सगळी इंग्लिश लीगच दोन स्ट्रायकरांची ४-४-२ रचना सोडून एका स्ट्रायकरकडे वळत होती. कीनसारख्या फॉरवर्डची जागाच नकाशावरून पुसली जात होती. फॉर्म गेला म्हणणारे म्हणतात, मी म्हणतो पोस्टच रद्द झाली.

त्यानंतरच्या दोन वर्षांत दोनदा लोन. स्कॉटलंडच्या सेल्टिकला अर्ध्या सीझनमध्ये १६ गोल, तिथे लोकांनी डोक्यावर घेतला. वेस्ट हॅमला मात्र काही जमलं नाही आणि क्लबही खालच्या डिव्हिजनला गेला.

२००९ चं पॅरिस सांगितल्याशिवाय आयर्लंडची गोष्ट पूर्ण होत नाही. फ्रान्सविरुद्ध वर्ल्ड कप प्लेऑफ, डब्लिनला आयर्लंड ०-१ हरलेलं. पॅरिसला ३३ व्या मिनिटाला डफने मागे दिलेला बॉल कीनने शांतपणे साइडफुटने आत ढकलला, तो कॅप्टन होता तेव्हा. त्या रात्री आयर्लंड फ्रान्सपेक्षा चांगलं खेळलं, कीनला अजून एक चान्स मिळाला, फ्रान्सचा गोलकीपर लोरिसला चकवून बाजूने गेला पण बॉल जास्त लांब गेला आणि लाइनच्या बाहेर. तो गेला नसता तर पुढचं काही घडलंच नसतं. मग एक्स्ट्रा टाइममध्ये फ्रान्सच्या ऑन्रीने हाताने बॉल थांबवला, गॅलासने गोल केला, रेफरीने तो दिला आणि फ्रान्स वर्ल्ड कपला गेलं. नंतर २०१५ मध्ये बाहेर आलं की आयरिश असोसिएशनने कोर्टात जाऊ नये म्हणून फिफाने त्यांना ५० लाख युरो दिले होते. असो, त्यावर वेगळं उत्तर होईल.

आता तुम्ही म्हणाल अमेरिकेला गेला म्हणजे पेन्शन घ्यायला गेला. तर नाही. २०११ च्या ऑगस्टमध्ये लॉस एंजेलिस गॅलक्सीला गेला तेव्हा ३१ वर्षांचा होता. सोबत बेकहॅम आणि लँडन डोनोव्हन. २०११ च्या फायनलचा एकमेव गोल बघा, बेकहॅमचं डोकं, कीनचा पास, डोनोव्हनचा फिनिश. २०१२ ला परत चॅम्पियन, २०१४ ला परत, आणि त्या तिसऱ्या फायनलमध्ये न्यू इंग्लंडविरुद्ध एक्स्ट्रा टाइममध्ये विनिंग गोल कीनचा, त्याच वर्षी लीगचा एमव्हीपी, म्हणजे बेस्ट प्लेयरही तोच. पाच वर्षांवर राहिला. कोच ब्रूस एरीना तोच, टीम त्याच्याभोवती बांधलेली, मग कुठे पळाला? अमेरिकन लीगच्या सुट्टीत २०१२ ला अॅस्टन व्हिलाकडून लोनवर खेळला आणि आपल्याच जुन्या वुल्व्जच्या मैदानावर दोन गोल मारून त्यांना ३-२ हरवलं. वुल्व्जचा मॅनेजर कोण? मिक मॅकार्थी, तोच वर्ल्ड कपवाला. पुढच्याच महिन्यात मॅकार्थीची नोकरी गेली. तरी २०१८ ला मॅकार्थी परत आयर्लंडचा कोच झाला तेव्हा कीनला असिस्टंट म्हणून घेतलं, म्हणजे मनात काही ठेवलं नव्हतं.

आता एटीके. ३७ वर्षांचा, सुरुवातीलाच दुखापत, टीमही ढेपाळलेली. शेरिंगहॅम कोच होता, जानेवारीत त्याला काढलं, मग वेस्टवूड आला, तोही टिकला नाही, शेवटी मार्चमध्ये कीनच प्लेयर-मॅनेजर. टीम दहात नववी. फातोर्ड्याला गोव्याने ५-१ धुतलं त्यात एटीकेचा एक गोल याचाच होता, आणि शेवटच्या लीग मॅचला नॉर्थईस्टला १-० हरवलं तोही गोल याचाच. गंमत म्हणजे त्याच सीझनला बर्बाटोव्ह केरळा ब्लास्टर्सकडे होता. जगातली एकेकाळची सगळ्यात बघण्यासारखी जोडी एकाच वेळी भारतात, आणि दोन वेगळ्या टीममध्ये! एकाच क्लबाने दोघांना घेतलं असतं तर या वयातही तिकीट काढून गेलो असतो.

आता "मोठा होता का" याचं उत्तर. ऑन्री, शिअरर यांच्या रांगेत मी बसवणार नाही, उगाच कशाला. पण प्रीमियर लीगमध्ये १२६ गोल, आणि आयर्लंडसाठी १४६ मॅचमध्ये ६८. गेर्ड म्युलरचेही जर्मनीसाठी ६८ च आहेत, अर्थात त्याला निम्म्याहून कमी मॅच लागल्या. आणि हो, जिब्राल्टर आणि फेरो बेटांसारख्या टीमविरुद्धचे गोल त्यात आहेत, सगळ्यांच्याच असतात. पण आयर्लंडमध्ये त्याच्या आधीचा रेकॉर्ड क्विनचा, २१ गोलांचा. २००४ ला याने तो मोडला आणि मग तिप्पट करून ठेवला. ज्या देशाला चांगला स्ट्रायकर सापडायची मारामार, तिथे १८ वर्षं एकच माणूस गोल करत राहिला, कोच बदलले, साथीदार बदलले, हा तिथेच. क्लब बदलणाऱ्याने ही एक जर्सी मात्र धरून ठेवली.

कोच म्हणूनही फिरतीच चालू आहे, मकाबी तेल अवीवबरोबर लीग जिंकली, मग हंगेरीत फेरेन्सवारोशबरोबर २०२५ ला परत लीग. ते मी फारसं फॉलो केलेलं नाही.

वेळ असेल तर दोनच क्लिप बघा. एक इबाराकीची. दुसरी ३१ ऑगस्ट २०१६ ची, डब्लिनला ओमानविरुद्धची, त्याची शेवटची इंटरनॅशनल मॅच. बॉक्समध्ये बॉल आला, डिफेंडरच्या डोक्यावरून हलकेच उचलला आणि खाली पडू न देता डाव्या पायाने व्हॉली. फ्रेंडली मॅच होती, समोर ओमान होतं, सगळं मान्य, पण ३६ व्या वर्षी एवढा खोडकरपणा करून गोल मारणारा कोणी दाखवा.