सीमेचा खटला लढलेला वकील : जेम्स विल्सन

प्रश्न : मी निपाणीचा असून बेळगावात कायद्याच्या शेवटच्या वर्षाला शिकतो. महाराष्ट्राने २००४ साली राज्यघटनेच्या कलम १३१ खाली सर्वोच्च न्यायालयात दाखल केलेल्या सीमादाव्याविषयी वाचताना, अमेरिकेतील दोन राज्यांच्या अशाच वादात जेम्स विल्सन नावाच्या वकिलाने बाजू मांडल्याचा उल्लेख आढळला. हे विल्सन कोण होते? पुढे न्यायाधीश असताना ते कर्जापायी तुरुंगात गेले, हे खरे आहे काय?
– एक वाचक, निपाणी

उत्तर : दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. तुरुंगाची गोष्ट चटकन लक्षात राहते. परंतु आपण सीमाभागातले आणि त्यातही कायद्याचे विद्यार्थी असल्यामुळे खटल्याची गोष्ट अधिक नीट समजून घ्यावी, असे मला वाटते.

विल्सन यांचा जन्म १७४२ साली स्कॉटलंडमधील फाइफ परगण्यात झाला. सेंट अँड्र्यूज विद्यापीठात शिकून ते १७६५ मध्ये अमेरिकेत आले आणि फिलाडेल्फियात जॉन डिकिन्सन या नामांकित वकिलाच्या हाताखाली त्यांनी वकिलीचे धडे घेतले. ज्या संसदेत वसाहतींचा एकही प्रतिनिधी बसत नाही तिला वसाहतींसाठी कायदे करण्याचा अधिकारच नाही, असे प्रतिपादन करणारी त्यांची पुस्तिका १७७४ मध्ये प्रसिद्ध झाली. १७७६ चा स्वातंत्र्याचा जाहीरनामा आणि १७८७ ची राज्यघटना या दोहोंवर सही करणारे अवघे सहा जण आहेत, त्यांत विल्सन आहेत. राष्ट्राध्यक्ष थेट लोकांनी निवडावा, हा आग्रह घटनासभेत त्यांनीच धरला. मात्र गुलामांची संख्या तीन पंचमांश धरून राज्यांचे प्रतिनिधी ठरवण्याची तडजोड मांडणारेही तेच होते, आणि लोकांच्या सत्तेचा एवढा कैवार घेणाऱ्या माणसाच्या चरित्रावरचा हा डाग झाकून ठेवणे योग्य होणार नाही.

१७८९ मध्ये जॉर्ज वॉशिंग्टन यांनी त्यांना सर्वोच्च न्यायालयाच्या पहिल्या न्यायाधीशांत नेमले. चिशोम विरुद्ध जॉर्जिया या १७९३ च्या खटल्यातील त्यांचे निकालपत्र आपण अवश्य वाचावे. दुसऱ्या राज्यातील नागरिकाने आपल्यावर दावा लावूच नये, असा जॉर्जियाचा पवित्रा होता. त्यावर, 'सार्वभौम' हा शब्दच राज्यघटनेला अपरिचित आहे, सत्ता मुळात लोकांची आहे आणि राज्य हे त्यांनी आपल्यासाठी उभे केलेले साधन आहे, असे विल्सन यांनी लिहिले. राज्ये या निकालाने इतकी अस्वस्थ झाली की १७९५ मध्ये अकरावी घटनादुरुस्ती होऊन तो निष्प्रभ ठरला.

तुरुंगाबद्दल थोडक्यात सांगतो. विल्सन यांना जमीनखरेदीचा विलक्षण सोस होता, आणि उसनवारीवर घेतलेल्या अफाट जमिनींचे भाव १७९६-९७ च्या मंदीत कोसळले. सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश असतानाच त्यांना धनकोंनी न्यू जर्सीतील बर्लिंग्टन येथे आणि पुन्हा नॉर्थ कॅरोलिनात कैदेत टाकले. २१ ऑगस्ट १७९८ रोजी ईडन्टन येथे ते वारले, तेव्हाही ते न्यायाधीशपदावरच होते.

आता खटल्याकडे येऊ. इंग्लंडच्या दुसऱ्या चार्ल्स राजाने १६६२ मध्ये कनेक्टिकटला दिलेली सनद आणि १६८१ मध्ये विल्यम पेन यांना दिलेली सनद यांच्या हद्दी एकमेकींवर चढत होत्या. एकाच राजाने तीच भूमी दोघांना देऊन ठेवली होती. सस्क्वेहाना नदीकाठच्या वायोमिंग खोऱ्यात कनेक्टिकटची माणसे येऊन वसली, आणि पेनसिल्व्हेनियाशी त्यांच्या सशस्त्र चकमकी झाल्या. त्या काळी सर्वोच्च न्यायालय अस्तित्वात नसल्यामुळे तेव्हाच्या संघराज्य कराराच्या नवव्या कलमानुसार खास न्यायमंडळ नेमण्यात आले आणि त्याने ट्रेन्टन येथे सुनावणी घेतली. पेनसिल्व्हेनियाच्या वकिलांत विल्सन होते. ३० डिसेंबर १७८२ रोजी मंडळाने एकमताने, कोणतीही कारणे न देता, प्रदेश पेनसिल्व्हेनियाचा ठरवला.

विल्सन यांची बाजू जिंकली, पण माझ्या मते या खटल्याचा खरा धडा निकालानंतरच्या घटनांत आहे. प्रदेशावर अंमल कोणत्या राज्याचा, एवढेच मंडळाने ठरवले होते. नांगराखालची जमीन कोणाच्या मालकीची, हा प्रश्न त्याने निकालात घेतला नव्हता. आपल्याकडच्या भाषेत सांगायचे तर राज्य ठरले, पण उताऱ्यावर नाव कोणाचे ते ठरले नाही. पेनसिल्व्हेनियाने त्या शेतकऱ्यांना हुसकावण्याचा प्रयत्न केला, १७८४ मध्ये पुन्हा रक्तपात झाला, १७८७ मध्ये त्यांचे हक्क मान्य करणारा कायदा करून १७९० मध्ये तो मागेही घेण्यात आला. सीमाभागातील माणसाच्या भाषेचा, शाळेचा आणि कागदपत्रांचा प्रश्न नकाशावरील रेषेपासून वेगळा मांडावा लागतो, हे आपण १९५६ पासून अनुभवत आलो आहोत, म्हणूनच हा भाग मला आवर्जून सांगावासा वाटला. वायोमिंगच्या शेतकऱ्यांच्या जमिनींचा मार्ग पेनसिल्व्हेनियाने अखेर १७९९ च्या तडजोड कायद्याने मोकळा केला. विल्सन त्याच्या आदल्याच वर्षी वारले होते.