न्यूट्रॉन ताऱ्याच्या वस्तुमानाला मर्यादा का असते?

न्यूट्रॉन तारा म्हणजे मोठ्या ताऱ्याचा कोसळलेला, मुख्यतः न्यूट्रॉनांचा बनलेला गाभा. हे न्यूट्रॉन जितके दाबावेत तितका अधिक प्रतिकार करतात, मग ताऱ्यावर वस्तुमानाची कितीही भर पडली तरी कुठेतरी तोल साधायला हवा, त्याचे कृष्णविवर का व्हावे, असे आपण विचारले आहे. इंदुरात बी.एस्सी.च्या मुलांना शिकवताना हीच शंका मी अनेकदा ऐकली आहे, आणि ती अगदी रास्त आहे.

पाउलीच्या अपवर्जन तत्त्वातून (दोन न्यूट्रॉन एकाच अवस्थेत राहू शकत नाहीत, या नियमातून) येणारा दाब अपुरा पडतो, हे नेहमीचे उत्तर अर्धवट आहे. ओपेनहायमर आणि व्होल्कॉफ या भौतिकशास्त्रज्ञांनी १९३९ मध्ये केवळ तोच दाब धरून गणित केले, तेव्हा मर्यादा सूर्याच्या सुमारे ०.७ पट निघाली; प्रत्यक्षात जे०७४०+६६२० या स्पंदकाचे (ठरावीक काळाने स्पंद पाठवणाऱ्या, वेगाने फिरणाऱ्या न्यूट्रॉन ताऱ्याचे) वस्तुमान सूर्याच्या सुमारे २.०८ पट आहे. अतिशय जवळ आलेल्या न्यूट्रॉनांमधील प्रतिकर्षणाचा मोठा आधार त्याला आहे, आणि हा आधार आपण म्हणता तसा दाबागणिक वाढतोही.

खरी मेख व्यापक सापेक्षतावादात आहे. न्यूटनच्या सिद्धांतात केवळ वस्तुमान ओढते, आइन्स्टाइनच्या सिद्धांतात दाबही ओढतो. सूर्याच्या पोटात हा परिणाम नगण्य असतो. परंतु वरील स्पंदकाचा व्यास इंदूरच्या राजवाड्यापासून महू गावापर्यंतच्या अंतराएवढा, म्हणजे सुमारे २५ किलोमीटर आहे, आणि तेवढ्याच वस्तुमानाच्या कृष्णविवराची त्रिज्या सहा किलोमीटर भरते. म्हणजे तो तारा स्वतःच्या घटनाक्षितिजाच्या, म्हणजे जिथून प्रकाशही सुटू शकत नाही त्या सीमेच्या, त्रिज्येच्या जेमतेम दुपटीवर उभा आहे. इथे तोल सांभाळण्यासाठी वाढलेला दाबच गुरुत्वाकर्षणात भर घालतो, ती भर पेलण्यासाठी आणखी दाब लागतो, आणि एका टप्प्यानंतर ही उधारी फिटतच नाही.

आपल्याला समीकरणांची सवय असेल, तर टोल्मन-ओपेनहायमर-व्होल्कॉफ समीकरण न्यूटनच्या समीकरणाशेजारी मांडून पाहावे. न्यूटनकडे जिथे फक्त घनता आहे आणि जिथे फक्त आतील वस्तुमान आहे, त्या दोन्ही ठिकाणी आता दाबाचे पद मिळवलेले दिसेल.

भौतिकशास्त्रज्ञ बुखडाल यांनी १९५९ मध्ये दाखवले, की पदार्थ मुळीच दबणारा नसला तरी ताऱ्याची त्रिज्या घटनाक्षितिजाच्या त्रिज्येच्या ९/८ पटीपर्यंत उतरताच केंद्रातील दाब अनंत व्हावा लागतो. खरा पदार्थ इतका ताठ असूच शकत नाही, कारण त्यातून ध्वनी प्रकाशापेक्षा वेगाने जाऊ शकत नाही. म्हणून तो त्याआधीच कोसळतो. १७ ऑगस्ट २०१७ रोजी नोंदलेल्या दोन न्यूट्रॉन ताऱ्यांच्या विलीनीकरणानंतर, न फिरणाऱ्या ताऱ्याची मर्यादा सूर्याच्या २.२ ते २.३ पटींच्या आसपास असावी, असे अनेक अभ्यासकांनी मांडले आहे.