‘मी पत्र लिहिलो’चं काय करायचं?

प्रश्न: मी अमराठी प्रौढांना मराठी शिकवते. दोन वर्षं आधी नियम, मग उदाहरणं असं शिकवलं. आता आमच्या संचालकांनी व्याकरण बंद करून फक्त संभाषण ठेवलंय. विद्यार्थी धीटपणे बोलतात, पण ‘मी पत्र लिहिलो’ काही जात नाही. कोणती पद्धत बरोबर?

उत्तर: हे ‘लिहिलो’ माझ्याही ओळखीचं आहे. माझ्या पहिल्या वर्गातले एक गृहस्थ तिन्ही प्रयोगांच्या व्याख्या घडाघडा म्हणायचे आणि वर सांगायचे, “बाई, मी काल पत्र लिहिलो.” घोकंपट्टीने ही चूक जात नाही हे मी पाहिलं, नुसत्या गप्पांनी जात नाही हे तुम्ही पाहताय.

बी.एड.ला जिला उद्गामी पद्धत म्हणतात, म्हणजे आधी उदाहरणं आणि मग नियम, ती इथे वापरून बघा. फक्त सुरुवात ‘मी’पासून नको. खरी मेख तिथेच आहे. ‘त्याने’, ‘तिने’ यांत ‘ने’ डोळ्यांना दिसतो. ‘मी’ आणि ‘तू’ना तो लागत नाही, त्यामुळे ‘मी गेलो’ म्हणणारा सरळ ‘मी लिहिलो’ म्हणतो. फळ्यावर लिहा: त्याने निबंध लिहिला. तिने निबंध लिहिला. त्याने चिठ्ठी लिहिली. तिने पत्र लिहिलं. आणि गप्प बसा. (मला हे अजून जमत नाही.) एकदा मागच्या बाकावरून आलं, “माणूस बदलला तरी काही नाही, वस्तू बदलली की शेवट बदलतो.” कर्मणी प्रयोगाची याहून सुटसुटीत व्याख्या मी ऐकलेली नाही. मग ‘मी’वर या.

अपवाद मात्र शोधायला लावू नका. ‘मी चावी विसरलो’, ‘मी मराठी शिकलो’ यांत कर्म असूनही क्रियापद कर्त्यामागे जातं. याचं कारण विद्यार्थ्याला वाक्यांत सापडणार नाही. अशा क्रियापदांची यादी हातात द्या, पाठ करायला सांगा. इथे जुनी पद्धतच बरी. ‘तिने मुलीला शोधलं’ यात ‘ला’ आला की क्रियापद कोणाचंच ऐकत नाही, हेही सरळ सांगून टाका.

समोर कोण बसलंय तेही बघा. हिंदीवाल्यांना कर्माशी मेळ घरचाच, ते अडतात ‘मीने’ आणि नपुंसकलिंगाशी. कन्नड, तेलुगू, इंग्रजी बोलणाऱ्यांना ही कल्पनाच नवी, त्यांना जास्त दिवस द्या.

संभाषण चालूच ठेवा, पण ‘लिहिलो’ ऐकून “अच्छा, लिहिलंत का!” म्हणत पुढे जाऊ नका. लिस्टर आणि रांटा या भाषाशिक्षणाच्या अभ्यासकांनी १९९७ साली कॅनडातल्या फ्रेंच वर्गांबद्दल नोंदवलंय की शिक्षक अशीच दुरुस्ती सर्वाधिक करतात आणि विद्यार्थी तिलाच सर्वांत कमी दाद देतात. त्याऐवजी “पत्र... काय?” एवढंच विचारा आणि त्यांच्या तोंडून ‘लिहिलं’ येईपर्यंत थांबा.