लहानपणीच्या साक्षीवर किती विसंबावे?

प्रश्न : जरीपटक्यातील आमच्या शेजारच्या आजी फाळणीच्या वेळी सहा वर्षांच्या होत्या. घर कोणत्या महिन्यात सोडले हे त्यांना सांगता येत नाही, पण आईच्या ओढणीच्या टोकाला बांधलेली कुलपाची किल्ली अजून आठवते. यादवी युद्धातून वाचलेल्या मुलांच्या अशा आठवणींना पुरावा म्हणता येईल का?
– एक शिक्षिका, नागपूर

उत्तर : म्हणता येईल, मात्र तो कशाचा पुरावा आहे हे आधी ठरवावे लागते. तारीख आणि अंतर यांत लहान मूल चुकते, मोठ्यांकडून ऐकलेलेही कधी स्वतःचे म्हणून सांगते; पण भूक, लपण्याची जागा, गर्दीत कोणाचा हात सुटला, हे त्याच्याइतके जवळून दुसरे कोणी सांगत नाही. पश्चिम आफ्रिकेतील सिएरा लिओन या देशातील यादवी १९९१ ते २००२ अशी चालली, आणि त्या काळातील अत्याचारांची नोंद घेण्यासाठी नेमलेल्या तेथील सत्य व सलोखा आयोगाने मुलांचे म्हणणे बंद दाराआड, नावे गुप्त ठेवून ऐकले. २००४ मध्ये अहवालाची खास मुलांसाठी वेगळी आवृत्तीही निघाली, आणि मला ही गोष्ट फार मोलाची वाटते. आजींना महिना विचारून अडवू नका. किल्लीबद्दल विचारा, त्या थांबल्या तर तुम्हीही थांबा, आणि त्यांच्या संमतीने, त्यांचे शब्द न सुधारता, सारे लिहून ठेवा.