हद्दीच्या दाव्याचा निकाल बाजूने लागला, पण बांध सरकला नाही: दरखास्तीविषयी

शेजाऱ्याने बांध कोरून आपले चार गुंठे दाबले, कब्जा परत देण्याचा हुकूमनामा (निकालावरून निघणारा न्यायालयाचा औपचारिक आदेश) होऊन दोन वर्षे उलटली, अपिलात स्थगिती नाही, तरी तो तिथेच पेरणी करतो आणि पोलीस 'दिवाणी बाब आहे' म्हणून परत पाठवतात, असे आपण लिहिले आहे. पोलिसांचे उत्तर चीड आणणारे असले तरी चुकीचे नाही. दिवाणी न्यायालयाचा हुकूमनामा आपोआप अमलात येत नाही. त्यासाठी, सर्वसाधारणपणे ज्या न्यायालयाने तो दिला तिथेच, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ खाली दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, दाखल करावी लागते. नुसते अपील दाखल झाल्याने अंमलबजावणी थांबत नाही. मात्र दोन वर्षे उलटल्यामुळे न्यायालय आधी शेजाऱ्याला नोटीस काढील आणि त्यात काही तारखा जातील, हे धरून चालावे.

दरखास्तीआधी हुकूमनाम्यातील मिळकतीचे वर्णन स्वतः वाचा. आमच्या वडिलोपार्जित शेताच्या प्रकरणात निकालपत्राने कोर्ट कमिशनर म्हणून नेमलेल्या मोजणी अधिकाऱ्याचा नकाशा मान्य केला होता, पण हुकूमनाम्यात 'गटाच्या दक्षिणेकडील तीन गुंठे' एवढेच उतरले होते. बेलिफ (न्यायालयाचे हुकूम बजावणारे कर्मचारी) कब्जाचे वॉरंट घेऊन आले, बांधावर उभे राहिले आणि त्यांनी विचारले, "कुठून कुठपर्यंत?" वडिलांनी हात करून दाखवले, शेजाऱ्याने दुसरीकडे हात केला, आणि हद्द निश्चित होत नसल्याचा अहवाल लिहून बेलिफ परत गेले. एवढी वर्षे तारखांना गेलेला माणूस त्या दिवशी रिकाम्या हाताने घरी आला, हे मी विसरू शकत नाही. नंतर त्याच संहितेच्या कलम १५२ खाली अर्ज करून तो नकाशा हुकूमनाम्याचा भाग करून घ्यावा लागला. दुसऱ्या वेळी भूमी अभिलेख कार्यालयाचे भूकरमापक सोबत होते. त्यांनी नकाशाप्रमाणे खुणा दाखवल्या, फक्कीची रेघ ओढली आणि पंचांसमक्ष दगड रोवले गेले, तेव्हा कुठे कब्जेपावती झाली. म्हणून माझा आग्रह आहे की नकाशा जोडलेला नसेल तर आधी ती दुरुस्ती करून घ्यावी, आणि वॉरंटच्या अंमलबजावणीसाठी भूकरमापकाची व पोलीस बंदोबस्ताची मागणी न्यायालयाकडे लेखी करावी. तारीख पीक निघाल्यानंतर आणि पेरणीपूर्वी मिळेल असे पाहावे, कारण उभ्या पिकावरून हमखास वाद होतो.

मुदतीकडे दुर्लक्ष करू नका. कब्जाच्या हुकूमनाम्याच्या दरखास्तीला १२ वर्षे मिळतात, पण त्यात कुंपण किंवा भिंत काढून टाकण्याचा आज्ञार्थक मनाई हुकूम असेल तर त्या भागासाठी निकालापासून, किंवा पालनाची तारीख दिली असल्यास तिच्यापासून, अवघी ३ वर्षे आहेत. बारा वर्षांच्या भरवशावर राहून हा भाग हातचा गेलेले लोक मी पाहिले आहेत. कायम मनाई हुकमाच्या, म्हणजे पुढे कधीही हरकत करू नये अशा हुकमाच्या, अंमलबजावणीला मात्र मुदतीचे बंधन नाही.

कब्जा घेताना शेजाऱ्याने किंवा त्याच्या भावाने अडथळा आणला, तर बेलिफाच्या अहवालात अडवणाऱ्याचे नाव आणि त्याचे म्हणणे आलेच पाहिजे. अडथळा आणल्यापासून ३० दिवसांच्या आत आदेश २१ च्या नियम ९७ खाली अर्ज करावा. अडवणाऱ्याचा स्वतंत्र हक्क असल्यास तोही त्याच दरखास्तीत ठरतो, नवा दावा लागत नाही.

कब्जा मिळाल्यावर पुढच्या पावसाळ्यात पुन्हा नांगर फिरला तर काय, ही आपली भीती रास्त आहे. हुकूमनाम्यात कायम मनाई असेल तर त्याच आदेशाच्या नियम ३२ खाली जाणूनबुजून केलेल्या उल्लंघनाबद्दल मिळकतीची जप्ती किंवा दिवाणी कैद मागता येते, आणि २००२ पासून लागू असलेल्या स्पष्टीकरणामुळे झालेले अतिक्रमण त्याच्या खर्चाने काढून घेण्याचा मार्गही खुला आहे. फक्त कब्जाचा हुकूमनामा असेल आणि त्याची पूर्तता झालेली असेल, तर नव्या अतिक्रमणासाठी सहसा नवा दावा करावा लागतो. त्यामुळे आपल्या हुकूमनाम्यात मनाई आहे की नाही, हे आजच पाहा.

दरखास्त रेंगाळू लागल्यास सर्वोच्च न्यायालयाचा २०२१ मधील राहुल शाह विरुद्ध जिनेंद्र कुमार गांधी हा निकाल वकिलांना दाखवा. दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढावी, आणि तसे शक्य नसेल तर विलंबाची कारणे लेखी नोंदवावीत, असे त्यात म्हटले आहे. वकिलांकडे जाताना निकालपत्र, हुकूमनामा आणि कमिशनरचा अहवाल नकाशासह, या तिन्हींच्या प्रमाणित नकला सोबत ठेवा.