वडिलांच्या दारूवर आणि सुटण्यावर माहितीपट करायचाय, सुरुवात कुठून करू?

तुम्ही लिहिलंय की वडील चार वर्षं दारूपासून लांब आहेत, आई बोलायला तयार आहे आणि वडील म्हणतात, ‘कर काय करायचं ते.’ सुरुवात या वाक्यापासूनच करा, कारण ही परवानगी नव्हे. दारू सुटल्यावर माणसाला घरच्यांपुढे इतकं अपराधी वाटत असतं की तो मुलांना कशालाच नाही म्हणत नाही. मी अशीच फिल्म करायला निघालो तेव्हा माझे वडीलही असेच ‘हो’ म्हणाले होते.

आम्ही इचलकरंजीचे, वडील यंत्रमागावर कामाला. पहिले दोन महिने मी त्यांच्यासमोर कॅमेरा लावून बसायचो. दारू सोडणाऱ्यांच्या मिटिंगमध्ये शेअरिंग करतात, आपापली कहाणी सांगतात, तसं ते घडाघडा बोलायचे. कर्ज, मोडलेल्या शपथा, सगळं खरं. पण सांगून सांगून गुळगुळीत झालेलं. एक दिवस भाकरी थापता थापता आई म्हणाली, “त्यास्नी काय इचारतोस? त्यास्नी कुठं काय आठवतंय? मला इचार की.”

आईचं अगदी बरोबर होतं. दारू फार चढली की मेंदू त्या वेळच्या आठवणी साठवतच नाही. वडिलांकडे त्या रात्री नव्हत्याच, आमच्याकडे होत्या. दाराची कडी कशी वाजली यावरून आई ओळखायची, आज किती झालीय. बहीण चपलांच्या आवाजावरून. आणि मी, त्यांनी सायकल भिंतीला टेकवली की आदळली यावरून. एका खोलीत राहून हे आम्ही एकमेकांना कधी सांगितलं नव्हतं. मग कॅमेरा ठेवून दिला आणि महिनाभर नुसता आवाज रेकॉर्ड केला. आई रेकॉर्डरपुढे जे बोलली, ते कॅमेऱ्यापुढे बोलली नसती. तुम्हीही तसंच करून बघा.

व्यसनमुक्ती केंद्रात शूटिंग करायचं असेल तर जपून. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यात दारू-ड्रग्जचे आजारही येतात आणि उपचार घेणाऱ्याचा फोटो किंवा माहिती त्याच्या संमतीशिवाय माध्यमांना देता येत नाही. अल्कोहोलिक्स अ‍ॅनॉनिमस या दारू सोडणाऱ्यांच्या संघटनेची अकरावी परंपरा, म्हणजे त्यांचं ठरलेलं तत्त्व, सिनेमातही नाव-चेहरा उघड करू नये असं सांगते, म्हणून त्यांच्या मिटिंगमध्ये कॅमेरा नेऊच नका. आईला मात्र पिणाऱ्यांच्या बायकांच्या गटात जाऊ द्या, शूटिंगसाठी नव्हे, तिच्यासाठी. १९८६ साली पुण्यात सुरू झालेल्या मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्रात असा ‘सहचारी’ गट आहे.

सहाव्या महिन्यात वडील एका लग्नात प्यायले. माझा हात बॅगेकडे गेला होता, खोटं कशाला सांगू. पण कॅमेरा काढला नाही. प्यायलेल्या माणसाची संमती ही संमती नसते. आणि रोज पिणाऱ्याची दारू एकदम तुटली तर दोन-तीन दिवसांत थरथर, भास, फिटसुद्धा येऊ शकते. त्या वेळी आपलं काम डॉक्टर गाठणं एवढंच. तुमच्याकडे असं काही झालं तर १४४४६ ही सरकारी हेल्पलाइन जवळ असू द्या.

तीन महिन्यांनी वडिलांनी स्वतःच विचारलं, “त्या लग्नाचं घेणार न्हाईस?” मग घेतलं.

पहिला कट आधी घरच्यांनाच दाखवा, प्रत्येकाला वेगवेगळा, आणि नको असलेलं काढायचा हक्क द्या. आईनं माझ्याकडून एक वाक्य काढायला लावलं. आख्ख्या फिल्ममधलं सगळ्यात जबर वाक्य होतं ते. काढलं.