वाचकांचे प्रश्न : नॉर्वेजियन माहितीपटात ‘स्वतः’ म्हणून दिसताना

प्रश्न : आम्ही स्टाव्हांगरला राहतो. एका माहितीपटासाठी आमच्या घरी वर्षभर चित्रीकरण करायचं म्हणतायत. संमतिपत्र आलंय. पुढे नकोसं झालं तर माघार घेता येते का? मुलगी नऊ वर्षांची आहे.

उत्तर : सही करण्याआधी सगळं तुमच्या हातात असतं, नंतर फार थोडं उरतं. नॉर्वेच्या २०१८च्या प्रताधिकार कायद्याचं कलम १०४ सांगतं की, काही अपवाद सोडले तर माणसाचं चित्र त्याच्या संमतीशिवाय जाहीर दाखवता येत नाही. हे संरक्षण हयातभर आणि मृत्यूच्या वर्षानंतर १५ वर्षं टिकतं. पण लेखी संमती दिल्यावर ती मागे घेणं अवघड. ‘माझी माहिती पुसा’ म्हणूनही भागत नाही, कारण पत्रकारिता आणि कलेला वैयक्तिक माहितीच्या कायद्यातून मोठी सूट आहे.

म्हणून कागद नीट वाचा. ‘सर्व माध्यमं, सर्व देश, कायमसाठी’ असं लिहिलेलं असेल, तर उरलेलं चित्रण दुसऱ्या कार्यक्रमात वापरणार नाही, ही ओळ घालून घ्या. विषय काय, दाखवणार कोण, कुठली खोली आणि कुठलं बोलणं वर्ज्य, तेही लिहून घ्या. संकलन पक्कं होण्याआधी पाहायला मिळावं, अशी अट मागा. तिथल्या पत्रकारांच्या आचारसंहितेनुसार (‘वॅर वारसॉम’, कलम ३.८) दिलेल्या विधानांत बदल शक्यतो तथ्याच्या चुकांपुरताच असतो. ‘मी बरी दिसत नाही’ हे कारण चालणार नाही.

कॉलरचा माइक तुम्ही स्वयंपाकघरात गेलात तरी चालूच असतो. आईशी फोनवर मराठीत बोललात म्हणून सुटलात, असं समजू नका. संकलनाच्या वेळी भाषांतर करून घेतात. ‘मेला पाऊस थांबतच नाही’ यातल्या ‘मेला’चं शब्दशः भाषांतर झालं, तर घरात कुणी वारल्यासारखं वाटेल. उपशीर्षकं मराठी येणाऱ्या माणसाकडून तपासून घेण्याची अट जरूर घाला. ही चूक तुमच्याशिवाय कुणाच्या लक्षात येणार नाही.

मुलीबाबत त्याच आचारसंहितेचं कलम ४.८ स्पष्ट आहे : पालकांनी होकार दिला तरी प्रसिद्धीचे मुलावर काय परिणाम होतील, याचा विचार संपादकाने करायचा. तिला दर वेळी विचारा. ‘आज नको’ म्हणाली, तर त्या दिवशी तिच्यावर कॅमेरा नाही, हेही करारात असू द्या.

प्रश्न : आक्षेप असेल तर कुठे जायचं? पैसे मिळतात का?

उत्तर : वाहिनीवरच्या पत्रकारितेबद्दल ‘पीएफयू’ या पत्रकार समितीकडे तक्रार करता येते, तीही विनाशुल्क. ठपका बसला तर माध्यमाला तो निर्णय प्रसिद्ध करावा लागतो; भरपाई मात्र समिती देत नाही, त्यासाठी न्यायालय. चित्रपटगृहासाठीच्या माहितीपटाला ही वाट सहसा उपयोगी पडत नाही, तिथे करारच कामी येतो. मानधन सहसा नसतं. बुडालेला पगार आणि प्रवासखर्च मागायला संकोच करू नका, फक्त पहिल्या चित्रीकरणाआधी.